क्षणात हार, तरीही पुन्हा तयार!

मंचर : पुणे-नाशिक महामार्गावरील मंचर हे आंबेगाव तालुक्यातील बाजारपेठेचे गाव. पुण्यापासून अंतर सुमारे साठ किलोमीटर. शहरी वाचकाला ते ठाऊक असते ते प्रामुख्याने कांदा-बटाट्याच्या बाजारामुळे, नाहीतर भीमाशंकरला जाताना येथे वळावे लागते म्हणून. मात्र आंबेगाव, जुन्नर आणि खेड या तालुक्यांचे मन खऱ्या अर्थाने कळते ते यात्रांच्या दिवसांत, बैलगाडा शर्यतीच्या घाटावर. चढाच्या त्या धावपट्टीवर एक बारी अवघ्या बारा-पंधरा सेकंदांत संपते. तेवढ्या सेकंदांसाठी बैलांची वर्षभर निगा राखली जाते, माणसे दिवसभर उन्हात उभी राहतात आणि ‘घाटाचा राजा’ कोण, हे सेकंदाच्या अंशावरून ठरते. सर्वोच्च न्यायालयाच्या मे २०१४ मधील निकालाने या शर्यती थांबल्या. डिसेंबर २०२१ मध्ये त्यांना सशर्त परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ रोजी घटनापीठाने राज्याचा कायदा वैध ठरविला. मधल्या सात-आठ वर्षांत घाट ओस पडले होते. नेमक्या त्याच काळात, म्हणजे २०१६ नंतर, स्वस्त इंटरनेट आणि स्वस्त मोबाइल या भागातील घराघरांत पोहोचले. त्यांच्यासोबत सेकंदांवर चालणारा आणखी एक खेळ आला. तो होता बंदुकीच्या नळीमागून जग पाहण्याचा.

या दोन गोष्टींत कार्यकारणसंबंध जोडण्याचे कारण नाही. एकीकडे जिवंत जनावर आहे, त्याच्या वेदनेचा प्रश्न आहे आणि म्हणून कायदाही आहे, तर दुसरीकडे केवळ काचेवरील प्रकाश. पण बारा सेकंदांच्या बारीसाठी माणूस दिवसभर का थांबतो, हे ज्याला समजते त्याला आपला मुलगा एकाच पडद्यावर चाळीस वेळा ‘मरून’ एक्केचाळिसाव्यांदा पुन्हा कळ का दाबतो, हे समजणे तितकेसे अवघड जाऊ नये. पालकांचा प्रश्न साधा असतो: या खेळात सतत हरायलाच होत असेल, तर तो खेळावासा का वाटतो?

खेळाडूच्या डोळ्यांतून

ज्या संगणकीय खेळात पडद्यावर नायक दिसत नाही, दिसतात ते फक्त त्याचे हात आणि हातातील शस्त्र, त्या प्रकाराला ‘फर्स्ट पर्सन शूटर’ म्हणतात. कॅमेरा म्हणजेच खेळाडूचे डोळे. अमेरिकेतील ‘इड सॉफ्टवेअर’ या छोट्या कंपनीने १९९२ मध्ये ‘वुल्फेन्स्टाइन थ्रीडी’ आणि १० डिसेंबर १९९३ रोजी ‘डूम’ प्रसिद्ध केला आणि या प्रकाराचा पाया पक्का झाला. जॉन कारमॅक याचे संगणकशास्त्र आणि जॉन रोमेरो याची खेळाची जाण यांचा तो संगम होता. ‘डूम’चा पहिला भाग फुकट वाटण्यात आला. विस्कॉन्सिन विद्यापीठाच्या संगणकावर तो ठेवला गेला आणि तेथून जगभर पसरला. भारतात तो फ्लॉपीवरून, मित्राच्या मित्राकडून आणि कार्यालयातील संगणकांवरून फिरला.

त्या काळातील इतर खेळांच्या तुलनेत ‘डूम’चा वेग भन्नाट होता. नायक थकत नाही, दम घेत नाही, लपून बसत नाही. शत्रूचे आगीचे गोळे हवेतून येताना दिसतात, त्यामुळे बाजूला सरकून ते चुकविता येतात. हा तपशील किरकोळ वाटेल, पण या प्रकाराचे सारे मर्म त्यात आहे. गोळा दिसतो, म्हणजे तो चुकविता आला असता. म्हणजेच मेलो तो आपल्या चुकीने.

खेळ सोपा वाटतो अशी तक्रार काही खेळाडूंनी केली, तेव्हा १९९४ मधील सुधारित आवृत्तीत निर्मात्यांनी ‘नाइटमेअर’ ही पाचवी काठिण्यपातळी घातली. त्यात मारलेले राक्षस थोड्या वेळाने पुन्हा उठतात, त्यांचा वेग वाढतो आणि फसवणुकीच्या गुप्त कळा चालेनाशा होतात. ही पातळी निवडताना खेळ स्वतःच खेळाडूला बजावतो की हे न्याय्य नाही. जवळजवळ थट्टेने घातलेली ती पातळी पार करणारे लोक निघाले, एवढेच नव्हे, तर ती कमीत कमी वेळात कोण पार करतो याच्या स्पर्धा सुरू झाल्या. ‘डूम’मध्ये प्रत्येक हालचाल नोंदवून ठेवण्याची सोय होती. ती नोंद दुसऱ्याला पाठवली की त्याच्या संगणकावर तोच डाव जसाच्या तसा दिसे. विक्रम तपासता येऊ लागले आणि आज ‘स्पीडरनिंग’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या छंदाची एक महत्त्वाची शाखा येथून फुटली.

कॅफेतील पिढी

जून १९९६ मधील ‘क्वेक’ने खऱ्या अर्थाने त्रिमितीचे जग आणले आणि इंटरनेटवरून परस्परांविरुद्ध खेळणे रुळविले. मे १९९७ मध्ये अमेरिकेत झालेल्या ‘क्वेक’ स्पर्धेत ‘थ्रेश’ या नावाने खेळणारा डेनिस फाँग जिंकला, तेव्हा कारमॅकने आपली स्वतःची फेरारी मोटार त्याला बक्षीस दिली. डिसेंबर १९९९ मधील ‘क्वेक थ्री अरिना’ने तर कथा जवळजवळ काढूनच टाकली. उरले ते एक मैदान, काही शस्त्रे आणि समोरचा माणूस. त्यातील उड्या मारत वेग वाढविण्याची ‘स्ट्रेफ जंपिंग’ ही युक्ती गणिती आकडेमोडीतील एका उणिवेतून निर्माण झाली होती. खेळाडूंनी ती शोधून काढली, घोटली आणि तिलाच कौशल्य बनविले.

मराठी मुलखात मात्र या प्रकाराचा खरा प्रसार केला तो ‘काउंटर स्ट्राइक’ने. मिन्ह ली आणि जेस क्लिफ या दोघा हौशी तरुणांनी ‘हाफ लाइफ’ या खेळावर बेतून त्याची पहिली चाचणी आवृत्ती १९९९ मध्ये काढली आणि नोव्हेंबर २००० मध्ये तो अधिकृतपणे बाजारात आला. त्यात एका फेरीत एकच जीव. डोक्यात गोळी लागली की खेळ तिथेच संपला, मग फेरी संपेपर्यंत मुकाट्याने इतरांचा खेळ पाहत बसायचे. २००० च्या दशकात पुण्या-मुंबईतील सायबर कॅफेंमध्ये शेजारी-शेजारी बसून, एकाच जाळ्यात संगणक जोडून खेळणारी महाविद्यालयीन पिढी याच खेळावर वाढली. २००६ मध्ये सुरू झालेल्या ‘झपाक’सारख्या कंपन्यांनी खास खेळांसाठीचे कॅफे काढले. तालुक्याच्या गावांत परिस्थिती निराळी होती. तेथे दोन-चार संगणकांचा कॅफे असे, तोही प्रामुख्याने निकाल पाहण्यासाठी आणि अर्ज भरण्यासाठी. शिवाय भारनियमनाच्या त्या वर्षांत वीज कधी जाईल याचा नेम नसे. मोठमोठ्या कथांचे खेळ अर्ध्यावर तुटत. दोन मिनिटांच्या फेऱ्यांचा खेळ मात्र वीज येईल तेव्हा सुरू करता येई.

मरणात सुटका

खेळात मरण आले की खेळाडूला वाईट वाटत असणार, असे आपण गृहीत धरतो. फिनलंडमधील संशोधक निक्लास रावाया आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हे गृहीतक तपासले. जेम्स बाँडवर आधारित ‘नाइटफायर’ हा खेळ खेळणाऱ्यांच्या चेहऱ्याच्या स्नायूंतील आणि त्वचेतील सूक्ष्म बदल त्यांनी मोजले आणि २००८ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. शत्रूला टिपल्याच्या क्षणी अपेक्षित आनंद दिसण्याऐवजी ताणाच्या खुणा आढळल्या, तर स्वतःचे पात्र मरण पावल्यावर सुटकेकडे झुकणारा प्रतिसाद मिळाला. वाचताना विचित्र वाटते. पण क्रिकेटच्या मैदानावर अखेरच्या षटकांत फलंदाज बाद होतो, तेव्हा हळहळीसोबत त्याच्या खांद्यांवरील ओझेही उतरलेले दिसते. ताण टोकाला गेलेला असतो, मरण तो एका झटक्यात उतरविते आणि दुसऱ्याच क्षणी नवा डाव मिळतो.

अतिकठीण, वेगवान खेळांची सारी रचना या ‘दुसऱ्या क्षणा’वर उभी आहे. २०१६ मध्ये ऑस्ट्रेलियातील ‘सोराथ’ या छोट्या निर्मात्याने काढलेला ‘डेव्हिल डॅगर्स’ हा याचा सर्वांत शुद्ध नमुना. काळोखात तरंगणारे एक व्यासपीठ, हातातून सुटणारे खंजीर आणि चहूबाजूंनी झेपावणाऱ्या कवट्या. पातळ्या नाहीत, कथा नाही, एक स्पर्श झाला की खेळ संपला. गुण म्हणजे केवळ किती सेकंद टिकलात ती संख्या. नवख्याचा पहिला डाव बहुधा एका मिनिटाच्या आत आटोपतो. त्या खेळात मिळविण्यासारखे मानचिन्ह एकच, ५०० सेकंद टिकण्याचे. जगभरातील सर्व खेळाडूंची क्रमवारी समोर असते आणि कोणाच्याही नावावर टिचकी मारली की त्याचा संपूर्ण डाव पाहता येतो. म्हणजे आपल्याहून दहा सेकंद अधिक टिकलेल्याने नेमके काय वेगळे केले, हे लपून राहत नाही. मेल्यावर एक कळ दाबली की डाव तत्काळ नव्याने सुरू होतो. वाट पाहणे नाही, जाहिरात नाही, सांत्वनाचा संदेश नाही.

शाळेतील परीक्षेशी याची तुलना करून पाहावी. तेथे चूक आज होते आणि तिचा निकाल दोन महिन्यांनी लागतो, तोपर्यंत चूक कोणती होती हेही आठवत नाही. नोकरीच्या मुलाखतीत नकाराचे कारण सांगण्याची पद्धतच नाही. बटाट्याचा भाव पडतो, तेव्हा शेतकऱ्याची चूक काय असते? या खेळांत मात्र हार आणि तिचे कारण एकाच क्षणी समोर येतात. डावीकडे पाहिले नाही, म्हणून मेलो. पुढच्या वेळी डावीकडे पाहायचे. प्रयत्न आणि परिणाम यांच्यातील इतके थेट नाते तरुण मुलाच्या आयुष्यात अन्यत्र क्वचितच सापडते, आणि या खेळांचे वेड समजून घेताना हिंसाचारापेक्षा या नात्याकडे पाहिले तर अधिक हाती लागते.

हंगेरियन-अमेरिकी मानसशास्त्रज्ञ मिहाय चिक्सेंटमिहाय यांनी १९९० मधील आपल्या पुस्तकात ‘फ्लो’ म्हणजे तल्लीनतेची जी अवस्था वर्णिली, ती याच्याशी जवळून जुळते. आव्हान कौशल्याहून फार मोठे असेल तर माणूस घाबरतो, फार लहान असेल तर कंटाळतो. या दोहोंच्या अरुंद कडेवर चालताना काळाचे भान हरपते. तबलावादक, गिर्यारोहक, शस्त्रक्रिया करणारे डॉक्टर या साऱ्यांना ती अवस्था परिचित आहे. वेगवान खेळ ही कड आणखी अरुंद करतात. विचार करायला वेळच नसल्याने मनात इतर काही शिरत नाही. कर्ज, निकाल, घरातील वाद यांना तेवढी मिनिटे तरी दार बंद होते. ही सुटका कोणाला किती हवीशी वाटते, हे दाराबाहेर काय उभे आहे यावरही अवलंबून असते.

पुढे सरसावण्याचे शास्त्र

२००० च्या दशकात हा प्रकार काहीसा मवाळ झाला होता. भिंतीआड लपून राहिले की काही क्षणांत जखमा आपोआप भरून येतात, ही पद्धत ‘कॉल ऑफ ड्युटी’च्या २००५ मधील दुसऱ्या भागापासून सर्वत्र रूढ झाली. त्यामुळे शहाणपण लपण्यात ठरू लागले. मे २०१६ मध्ये आलेल्या नव्या ‘डूम’ने ते गणित उलटे केले. तेथे प्रकृती सुधारायची तर घायाळ राक्षसाच्या जवळ जाऊन त्याला हातांनी संपवावे लागते. मार्च २०२० मधील ‘डूम इटर्नल’ने ही कल्पना टोकाला नेली. गोळ्या मुद्दाम अपुऱ्या ठेवलेल्या आहेत. त्या हव्या तर यांत्रिक करवत चालवायची, चिलखत हवे तर शत्रूला आग लावायची, प्राण हवे तर जवळ जाऊन झुंजायचे. म्हणजे ज्या शत्रूपासून पळावेसे वाटते, त्याच्याकडेच आपल्याला लागणारी प्रत्येक गोष्ट आहे. थांबला तो संपला ही मराठी माणसाला पाठ असलेली ओळ येथे शब्दशः नियम बनते. ‘अल्ट्रा नाइटमेअर’ या पातळीवर एकदा मरण आले की संपूर्ण खेळ पहिल्यापासून खेळावा लागतो.

सप्टेंबर २०२० पासून अपूर्णावस्थेतच विक्रीस आलेला ‘अल्ट्राकिल’ हा फिनलंडच्या आर्सी पाटाला याचा खेळही याच परंपरेतील. त्यात शत्रूच्या रक्ताने नायकाच्या जखमा भरतात आणि एकाच पद्धतीने वारंवार मारले तर गुण घसरतात. खेळाडूने केवळ जिंकावे इतके पुरेसे नाही, वेगवेगळ्या रीतींनी आणि डौलात जिंकावे, अशी त्याची अट आहे. हे वर्णन वाचून सुज्ञ वाचकाच्या कपाळावर आठी पडेल, आणि ते रास्तही आहे. या खेळांत रक्तपात आहे, तो भडक आहे आणि ‘डूम इटर्नल’ला युरोपातील मानांकनानुसार १८ वर्षांवरील प्रौढांसाठीचे प्रमाणपत्र आहे. बारा वर्षांच्या मुलाच्या हाती तो नसावा, याविषयी वाद असण्याचे कारण नाही.

हिंसेचा आणि नजरेचा हिशेब

हे खेळ खेळणारी मुले हिंसक होतात का? अमेरिकी मानसशास्त्र संघटनेने २०२० मध्ये आपली भूमिका अधिक स्पष्ट केली. आक्रमक वर्तनाशी, म्हणजे ओरडणे, ढकलणे यांसारख्या गोष्टींशी, थोडा संबंध दिसतो; मात्र प्रत्यक्ष हिंसाचाराचे खापर खेळांवर फोडण्याइतका पुरावा नाही. ब्रिटनमधील किशोरवयीनांचा अँड्र्यू शिबिल्स्की आणि नेटा वाइनस्टाइन यांनी केलेला व २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेला अभ्यास तर असा संबंध आढळला नाही, असे सांगतो.

त्याच शिबिल्स्की यांचा सहकाऱ्यांसमवेतचा २०१४ मधील अभ्यास आपल्या विषयाच्या अधिक जवळचा आहे. त्यांनी ‘हाफ लाइफ टू’ या खेळाची एक अहिंसक आवृत्ती तयार केली. तिच्यात गोळी लागलेला प्रतिस्पर्धी रक्तबंबाळ होण्याऐवजी अलगद अदृश्य होतो. याशिवाय इतर खेळांतील नियंत्रणे मुद्दाम अवघड करून पाहिली. चिडचिड वाढली ती रक्तामुळे नव्हे. नियंत्रण हाती येत नाही, आपल्याला जमत नाही, ही भावना तिच्या मुळाशी होती. थोडक्यात, न समजणारे काठिण्य माणसाला संतापविते. चांगला कठीण खेळ आणि वाईट कठीण खेळ यांतील रेषा नेमकी येथे पडते. पहिल्यात हरलेला मुलगा ‘माझे चुकले’ म्हणतो आणि दुसऱ्यात मोबाइल आपटतो. पालकांनी कान द्यावा तो गोळ्यांच्या आवाजाकडे नव्हे, या वाक्याकडे.

नजरेविषयीही बरेच संशोधन झाले आहे. शॉन ग्रीन आणि डॅफ्नी बाव्हेलिए यांचा ‘नेचर’ या नियतकालिकात मे २००३ मध्ये प्रसिद्ध झालेला निबंध त्यात पायाभूत मानला जातो. रोज एक तास याप्रमाणे दहा दिवस ‘मेडल ऑफ ऑनर’ खेळलेल्यांची दृश्य अवधानशक्ती ‘टेट्रिस’ खेळलेल्यांपेक्षा अधिक सुधारल्याचे त्यांना आढळले. जुन्नर-आंबेगावच्या उसाच्या पट्ट्यात बिबट्याचा वावर नित्याचा आहे. तेथे तिन्हीसांजेला शेताच्या कडेने जाणारा माणूस समोर पाहत असतानाही नजरेच्या कडेवर जे लक्ष ठेवतो, तशाच प्रकारचे लक्ष हे खेळ मागतात. अर्थात या सुधारणेचा दैनंदिन आयुष्यात किती उपयोग होतो, यावर नंतर पुष्कळ वाद झाले आणि परिणाम आरंभी वाटला तितका मोठा नसल्याचेही काहींनी दाखविले. गोळीबाराच्या खेळाने अभ्यासातील एकाग्रता वाढते, असा युक्तिवाद मुलाने केल्यास तो सहज मान्य करू नये!

अंतराचा अडथळा

खेड्यातील खेळाडूसमोर एक अडचण शहरी खेळाडूपेक्षा मोठी असते. काही दिसल्यावर बोट हलण्यास माणसाला साधारण २०० ते २५० मिलिसेकंद, म्हणजे सेकंदाचा चौथा-पाचवा हिस्सा लागतो. सरावाने तो फार कमी होत नाही. कसलेले खेळाडू पुढे आहेत ते शत्रू कोठून येईल याचा अंदाज आधीच बांधल्यामुळे. यात भर पडते ती संदेशाच्या प्रवासाची, ज्याला खेळाडू ‘पिंग’ म्हणतात. तंतूमधून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. मुंबई ते सिंगापूर हे अंतर सुमारे ३९०० किलोमीटर धरले, तर जाऊन येण्यास किमान ३९ मिलिसेकंद लागणारच आणि प्रत्यक्षात वळणांमुळे ते त्याहून बरेच अधिक होतात. भारतातील खेळाडू अनेक वर्षे सिंगापूरच्या सर्व्हरवर खेळत, तेव्हा समोरचा आधी दिसूनही आपण आधी मरतो, हा अनुभव रोजचा होता. ‘क्वेक’च्या काळातच, १९९६ मध्ये, कारमॅकने यावर एक तोड काढली होती. सर्व्हरचे उत्तर येण्यापूर्वीच खेळाडूच्या संगणकाने त्याच्या हालचालीचा अंदाज करून ती दाखवायची, ही पद्धत आजही वापरली जाते. पुढे ‘काउंटर स्ट्राइक’ आणि २०२० मध्ये आलेला ‘व्हॅलोरंट’ यांचे सर्व्हर मुंबईत आले आणि महाराष्ट्रातील खेळाडूंचे बरेच दुःख कमी झाले. तरी डोंगराच्या आडोशाला, एकाच मनोऱ्यावर साऱ्या गावाचा भार असलेल्या ठिकाणी हरणाऱ्याला आपण आपल्या चुकीने हरलो की मोबाइलच्या जाळ्याने, हे कळत नाही. या खेळांचे मूळ आकर्षण हारीच्या स्पष्टतेत असल्याने हा दोष वरवर दिसतो त्याहून अधिक घातक ठरतो.

मोबाइलने काय बदलले?

मंचरसारख्या गावांत हा प्रकार पोहोचला तो प्रामुख्याने मोबाइलवरून. संगणक आणि माऊस हे माध्यम मागेच राहिले. मार्च २०१८ मध्ये जगभर आलेल्या ‘पबजी मोबाइल’ने तरुणाईला वेड लावले आणि २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने त्यासह एकूण ११८ अॅप्सवर बंदी घातली. पुण्यातील ‘सुपरगेमिंग’ या कंपनीचा ‘मास्कगन’ हा अस्सल फर्स्ट पर्सन शूटर मोबाइलवर कोट्यवधी वेळा उतरवून घेतला गेला. याच कंपनीने ऑक्टोबर २०२४ मध्ये ‘इंडस बॅटल रोयाल’ आणला. मराठी मुलखात तयार झालेला, जगभर खेळला गेलेला गोळीबाराचा खेळ म्हणून ‘मास्कगन’ची नोंद घ्यायलाच हवी. पण त्याची रचना पाहिली की मोबाइलने या प्रकाराचे काय केले तेही दिसते. काचेवर दोन अंगठ्यांनी नेम धरणे कठीण, म्हणून त्यात नेम लागताच बंदूक आपोआप झाडली जाण्याची सोय आहे. कमी किमतीच्या मोबाइलवर, गर्दीच्या एसटीत खेळता यावा यासाठी ही तडजोड समजण्यासारखी आहे. मात्र ज्या कौशल्यावर हा प्रकार उभा राहिला, त्याचा एक मोठा भाग तिने खेळाडूच्या हातून काढून यंत्राकडे दिला.

खरी चिंता आणखी पुढे आहे. ‘डेव्हिल डॅगर्स’ एकदा विकत घेतला की त्याचा निर्माता तुमच्याकडून काहीच मागत नाही. तुम्ही आज खेळलात की नाही, याच्याशी त्याला देणेघेणे नसते. फुकट मिळणाऱ्या बहुतेक मोबाइल खेळांचे गणित याच्या उलट आहे. रोज हजेरी लावल्याचे बक्षीस, ठरावीक दिवसांत संपणारा हंगाम, बंदुकीवरील रंगीत वेष्टणे, नशिबावर उघडणाऱ्या पेट्या अशी त्यांची मांडणी असते. संगणकावरील ‘काउंटर स्ट्राइक’लाही २०१३ पासून या पेट्यांनी ग्रासले. बेल्जियमने २०१८ मध्ये अशा पेट्यांना जुगार ठरविले. भारतात ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने केलेल्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैसे लावून खेळायच्या खेळांवर बंदी घातली आणि ई-स्पोर्ट्सना त्यांपासून वेगळे काढून मान्यता दिली. कौशल्य आणि जुगार यांतील हा भेद स्वागतार्ह असला, तरी घरातील मोबाइलवर तो रोज करावा लागणार आहे पालकांनाच.

कठीण खेळ माणसाला थकवितो. तास-दीड तास ‘डूम इटर्नल’ खेळलेल्याचे हात दुखतात, डोळे चुरचुरतात आणि तो उठतो. थकू न देणारा, सहज जिंकू देणारा आणि उद्या पुन्हा बोलावणारा खेळ अधिक धोक्याचा, असे म्हणण्यास जागा आहे. अर्थात कठीण खेळाचेही व्यसन जडू शकते. जागतिक आरोग्य संघटनेने आजारांच्या अकराव्या सुधारित यादीत ‘गेमिंग डिसऑर्डर’चा समावेश केला असून ती यादी जानेवारी २०२२ पासून लागू झाली. खेळण्यावर ताबा न राहणे, इतर साऱ्या गोष्टींपेक्षा खेळाला प्राधान्य मिळणे आणि नुकसान दिसत असूनही खेळणे सुरूच राहणे, अशी त्याची लक्षणे सांगितली आहेत. निदानासाठी ती सामान्यतः किमान बारा महिने टिकलेली असावी लागतात. परीक्षेनंतरच्या सुटीत मुलगा आठवडाभर खेळत बसला, तर त्याला आजार म्हणू नये. बंगळूरच्या ‘निम्हान्स’ने २०१४ मध्येच तंत्रज्ञानाच्या अतिवापरासाठी स्वतंत्र उपचारकेंद्र सुरू केले.

प्रथमच खेळणाऱ्यांपैकी काहींना या खेळांत मळमळते वा चक्कर येते. डोळे धावत असल्याचे सांगतात आणि कान शरीर स्थिर असल्याचे सांगतात, त्यातून हा गोंधळ होतो. दृष्टिक्षेत्राचा कोन खेळाच्या मांडणीत जाऊन वाढविला, चालताना डोके हलण्याचा परिणाम बंद केला आणि खोलीत दिवा लावून पडद्यापासून थोडे दूर बसले, तर पुष्कळांचा त्रास कमी होतो. मोठ्यांनी मुलासोबत एखादा डाव खेळून पाहायचा ठरविल्यास हे आधी करावे, म्हणजे तीन मिनिटांत उठून जाण्याची वेळ येणार नाही.

त्यासाठी महागड्या संगणकाची गरज नाही. ‘डूम’ची मूळ आज्ञावली इड सॉफ्टवेअरने डिसेंबर १९९७ मध्ये आणि ‘क्वेक थ्री’ची २००५ मध्ये सर्वांसाठी खुली केली. त्यातून स्वयंसेवकांनी उभारलेले ‘फ्रीडूम’ आणि ‘ओपनअरिना’ हे खेळ पूर्णतः विनामूल्य आहेत. त्यांत जाहिरात नाही, पेटी नाही, रोजची हजेरी नाही. शाळेने मोडीत काढलेल्या दहा-बारा वर्षांच्या जुन्या संगणकावरही ते सुरळीत चालतात, आणि ‘फ्रीडूम’ला तर इंटरनेटही लागत नाही. आरंभीची सोपी पातळी निवडली तरी पहिला डाव फार काळ टिकेल अशी अपेक्षा मात्र कोणी ठेवू नये.